टब भरलेला होता का?

बाथरूममध्ये कुणी पडलं की आपण विचारतो, लागलं का? पुण्यात खराडीच्या एका ऑफिसात पुढचा प्रश्न असतो, टब भरलेला होता की रिकामा? भरलेल्या टबात पडलं तर कोड डब्ल्यू १६ मधला, रिकाम्यात पडलं तर डब्ल्यू १८.२. आमच्या शेजारची मुलगी हे सहज बोलून गेली आणि मला राहवेना. ती शिकली फिजिओथेरपी. काम करते अमेरिकेतल्या रुग्णालयांच्या नोंदींना बिलासाठी आजार-अपघातांचे कोड लावायचं. तिच्या वरिष्ठांची परवानगी काढून मी बघायला गेले.

फोन लॉकरमध्ये ठेवला, वहीसुद्धा. खऱ्या रुग्णांच्या नोंदी मला दिसणार नव्हत्याच. प्रशिक्षणासाठी केलेली एक नमुन्याची नोंद तिने उघडली. ७८ वर्षांची बाई, घरात पडली, उजव्या पायाचं हाड खुब्याशी मोडलं.

पहिला कोड हाडाचा, एस ७२ मधला. मग पडली कशी, त्याचा. मग वाय ९२, म्हणजे कुठे; वाय ९३, म्हणजे काय करताना. हाडाच्या आणि पडण्याच्या कोडचं शेवटचं अक्षर उपचार कुठवर आलेत ते सांगतं: ए म्हणजे मुख्य उपचार चालू, डी म्हणजे हाड भरून येतंय, एस म्हणजे मागे राहिलेलं दुखणं. तिची बोटं थांबत नव्हती.

"काकू, आम्हाला ९५ टक्के लागतात," ती म्हणाली. तिने लावलेले कोड दुसरं कुणीतरी तपासतं, आणि अचूकता ९५च्या खाली गेली की बोलावणं येतं.

पडण्याचे कोड डब्ल्यू ०० पासून डब्ल्यू १९ पर्यंत. बर्फावरून घसरणं, पलंगावरून पडणं, सरकत्या जिन्यावरून, फुटपाथच्या कडेवरून, कमोडवरून; प्रत्येकाची जागा ठरलेली. कमोडवरून पडताना डोकं कशावर आपटलं तर कोड वेगळा. इतकी बारीक चौकशी करणाऱ्या या यादीच्या टोकाला डब्ल्यू १९ बसलेला आहे: पडले, कसे ते लिहिलेलं नाही. पुढे जागा भरायला तीन एक्स, आणि शेवटी ए.

नमुन्यातल्या बाईच्या वाट्याला हाच आला. डॉक्टरांनी 'घरात पडल्या' एवढंच लिहिलं होतं. औषधांच्या यादीत झोपेची गोळी होती, रक्तदाबाची होती. शिकलेल्या फिजिओथेरपिस्टला यातून काय दिसलं असेल ते तिच्या चेहऱ्यावर उमटलं. पण अंदाज करायची मुभा नाही. नोंदीत नाही तर कोड नाही. डब्ल्यू १९ लागला, आणि नियमाप्रमाणे तो अचूक होता. बाई का पडली हे काडीचंही न कळता ९५ टक्के मिळवता येतात.

हाडाच्या बाबतीत मात्र असं चालत नाही. त्याच बाईला हाडं ठिसूळ होण्याचा आजार आधीपासून असेल, आणि निरोगी हाड मोडलं नसतं इतकंच साधं पडणं असेल, तर एस ७२ जातो आणि एम ८० मधला कोड येतो. शंका असेल तर डॉक्टरांना प्रश्न पाठवायचा. त्याला इथे 'क्वेरी' म्हणतात. हाड रुग्णालयात येण्याआधी मोडलं की आल्यावर, हेही नोंदवायचं, कारण रुग्णालयातच पडून झालेल्या फ्रॅक्चरचे जादा पैसे मेडिकेअर या तिथल्या सरकारी विमा योजनेने ऑक्टोबर २००८ पासून बंद केले आहेत.

"पडल्या कशा, हे विचारायला क्वेरी पाठवतेस?"

ती हसली. "त्यावर बिल अडत नाही ना, काकू."

खरंच अडत नाही. पडण्याचा कोड कधीच पहिला लागत नाही. राज्याची किंवा विमा कंपनीची सक्ती नसेल तर तो लावलाच पाहिजे असा अमेरिकाभरचा नियमही नाही. बिल हाडावर निघतं. पुढची बाई पडू नये म्हणून उपयोगी पडेल अशी एकमेव ओळ मात्र मर्जीवर सोडलेली.

मी विचारलं, विहिरीत पडण्याला कोड आहे? आहे: डब्ल्यू १७.०. झाडावरून पडण्याला डब्ल्यू १४, बांधकामाच्या परांचीवरून पडण्याला डब्ल्यू १२. "विहिरीचा मी एकदाही लावलेला नाही," ती म्हणाली.

जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजाप्रमाणे जगात दरवर्षी ६,८४,००० माणसं पडून मरतात, आणि त्यातली ८० टक्क्यांहून अधिक गरीब व मध्यम उत्पन्नाच्या देशांत. विहिरी, झाडं, परांच्या आपल्याकडे आहेत, आणि त्यांचे कोड तोंडपाठ असलेली मुलंमुलीही आपल्याकडेच आहेत. त्यांना पगार मिळतो तो अमेरिकेतला टब भरलेला होता का, हे ठरवण्याचा. आपल्या केसपेपरवर 'पडून मार' एवढं लिहून भागतं, आणि ते कुणी तपासत नाही, ९५ टक्क्यांचा तर प्रश्नच येत नाही.