कायम झालात, पण कोणत्या तारखेपासून?

कायम केल्याचा आदेश आला की कार्यालयात पेढे वाटले जातात आणि त्या गडबडीत दोन शब्द वाचायचे राहून जातात: 'आदेशाच्या दिनांकापासून'. रोजंदारीवरून कायम झालेल्यांच्या पगाराचे निम्मे वाद या दोन शब्दांतून निघतात, असं म्हटलं तरी चालेल.

त्याआधी 240 दिवसांचं बघू. मस्टरवर तेवढी हजेरी भरली की माणूस आपोआप कायम, हा समज पक्का रुजला आहे; तो आकडा गाठू नये म्हणून मधेच 'ब्रेक' देणाऱ्या साहेबांनीच तो जास्त पक्का केला. 1947 च्या औद्योगिक विवाद कायद्यात 240 दिवसांना महत्त्व होतं ते कामगार कपातीच्या वेळी: एक महिन्याची नोटीस आणि सेवेच्या प्रत्येक वर्षामागे पंधरा दिवसांच्या पगाराएवढी भरपाई. सरकारी खात्यात कायम व्हायला मंजूर पद लागतं, पात्रता लागते. सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने 10 एप्रिल 2006 रोजी उमादेवी खटल्यात हेच सांगितलं.

मग 'उमादेवी'मुळे सगळं संपलं का? कार्यालयं तसंच सांगतात. पण त्याच निकालाने, मंजूर रिक्त पदावर न्यायालयाच्या आदेशाच्या आधाराशिवाय दहा वर्षं काम केलेल्या पात्र माणसांना एकदा नियमित करायलाही सांगितलं होतं. शिवाय महाराष्ट्राच्या 1971 च्या कायद्यानुसार, कायमपणाचे लाभ चुकवण्यासाठी कामगाराला वर्षानुवर्षं तात्पुरतं ठेवणं ही अनुचित कामगार प्रथा आहे. त्याबाबतचे औद्योगिक न्यायालयाचे अधिकार उमादेवी निकालाने गेलेले नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्ये एसटी महामंडळाच्या प्रकरणात सांगितलं.

आता पगार. 'कायम झालो, आता मागचा सगळा फरक मिळेल', ही आशा बहुतेकदा फोल ठरते. वेतननिश्चिती साधारणपणे आदेशाच्या तारखेला, वेतनश्रेणीच्या किमान टप्प्यावर होते. रोजंदारीच्या वर्षांच्या वेतनवाढी धरत नाहीत. एकाच दिवशी कामाला लागलेले दोघे घ्या. एक पहिल्यापासून नियमित, दुसरा बारा वर्षं रोजंदारीवर. दरवर्षी 3 टक्के वाढ धरली, तर दुसरा कायम होईल त्या दिवशी पहिल्याचा मूळ पगार त्याच्यापेक्षा सुमारे 43 टक्क्यांनी जास्त असतो. काम तेच असलं तरी हा फरक निवृत्तीपर्यंत पाठ सोडत नाही.

रोजंदारीच्या काळासाठी मात्र वेगळा हक्क आहे. जगजीतसिंग खटल्यात 2016 साली न्यायालयाने ठरवलं, की नियमित कर्मचाऱ्याचंच काम करणाऱ्या अस्थायी माणसाला त्या श्रेणीचं किमान वेतन द्यायला हवं. वेतनवाढी नाहीत, आणि काम सारखंच होतं हे कामगाराला सिद्ध करावं लागतं. उशीर झाला म्हणून दावा पूर्ण बुडतो, हेही खरं नाही. चुकीची वेतननिश्चिती दर महिन्याला नव्याने नुकसान करते. फक्त थकबाकी सहसा दाव्याआधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते, म्हणजे वाट पाहण्याची किंमत मोजावी लागतेच.

ग्रॅच्युइटीत रोजंदारीची वर्षं वाया जातात, असं कर्मचारीही मानून चालतात. छत्तीसगडच्या नेतराम साहू यांची 22 वर्षं रोजंदारीत गेली आणि जेमतेम तीन नियमित सेवेत. शासनाने ग्रॅच्युइटी नाकारली. सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये सगळ्या वर्षांची द्यायला लावली.

शेवटचा फटका निवृत्तीच्या तोंडावर बसतो. सेवापुस्तक वेतन पडताळणी पथकाकडे जातं, जुनी चूक सापडते आणि वसुली निघते. 'जास्त मिळालेलं परत द्यावंच लागतं', असं लेखा शाखा म्हणते. 2014 च्या रफिक मसीह निकालानुसार वर्ग तीन आणि चारच्या कर्मचाऱ्यांकडून, तसंच निवृत्त किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून अशी वसुली करता येत नाही. पण जास्तीची रक्कम परत करण्याचं हमीपत्र दिलेलं असेल, तर त्याच कागदावर कार्यालय बोट ठेवतं. वेतननिश्चितीच्या दिवशी सह्यांसाठी पुढे येणाऱ्या गठ्ठ्यात हे हमीपत्र बहुधा असतंच.