तुमच्याकडे काय गातात?

धाकट्याच्या लग्नाला दहा दिवस उरले होते. मी मुलुंडच्या घरात आहेराच्या साड्यांच्या घड्या घालत बसले होते, तेवढ्यात तो एक पातळशी पुस्तिका घेऊन आला. "आई, एकदा नजर टाक. उद्या छापायला जातेय."

चर्चमधल्या लग्नात अशी पुस्तिका असते. वधूवर आत येताना कोणतं गाणं, अर्पणाच्या वेळी कोणतं, प्रसाद घेताना कोणतं, सगळं क्रमानं छापलेलं असतं. जमलेल्या लोकांनी त्यात बघून गायचं. मी पानं उलटली. सात गाणी होती. सातही इंग्रजी.

"मराठी एकही नाही का रे?" मी विचारलं.

"अगं, तिकडच्या क्वायरला येत नाहीत. आणि तबला-पेटी घेऊन बसायचं म्हणजे... कसं दिसेल ते?"

मी पुस्तिका मिटून त्याच्या हातात दिली आणि पुन्हा साड्या घडी करायला लागले. गाणी इंग्रजी होती याचं मला काही वाटलं नाही, चांगली गाणी होती ती. लागलं ते 'कसं दिसेल' हे दोन शब्द. वाटलं, ज्या गाण्यांवर मी वाढले, ती आता माझ्या पोराला पाहुण्यांपुढे लपवावीशी वाटतात!

मैत्रिणींनो, तुमच्यापैकी अनेकींनी चर्चमधलं गाणं पाहिलं असेल ते हिंदी सिनेमात. मोठा पियानो, पांढरे झगे घातलेली मुलं, मेणबत्त्या. पण मी नगरची. आमच्या घरी रविवारी संध्याकाळी सतरंजी अंथरली जायची. वडील पेटीवर, काका तबल्यावर, आईच्या हातात टाळ. शेजारच्या काकू दारात उभ्या राहून ऐकायच्या आणि म्हणायच्या, "अय्या, हे तर आपल्या भजनासारखंच!" आई हसून म्हणायची, "मग? भजनच आहे ते."

हे भजन आमच्याकडे आलं ते रेव्हरंड नारायण वामन टिळकांमुळे. कोकणातल्या चित्पावन घरातले टिळक १८९५ साली मुंबईत ख्रिस्ती झाले. पण तुकोबाला त्यांनी सोडलं नाही. आपण तुकारामाच्या पुलावरूनच ख्रिस्ताकडे आलो, असं ते सांगत. परदेशी चालींवर ओढूनताणून बसवलेली भाषांतरं आपल्या माणसाच्या गळ्यात बसत नाहीत, हे त्यांनी ओळखलं आणि अभंग, ओवी, पदं यांत गाणी लिहिली. त्यांच्याआधी नगरच्याच कृष्णराव सांगळे यांनी येशूची कथा कीर्तनातून सांगितली होती. आजही मराठी प्रोटेस्टंट घरात 'उपासना संगीत' हे गीतांचं पुस्तक बायबलाच्या शेजारी ठेवलेलं असतं.

आणि लक्ष्मीबाई! 'स्मृतिचित्रे' तुम्ही वाचलं असेलच. टिळकांनी ओवीबद्ध 'ख्रिस्तायन' लिहायला घेतलं, पण १९१९ साली ते गेले आणि काम अपुरं राहिलं. ते पुढे नेलं लक्ष्मीबाईंनी. लहानपणी शाळा न पाहिलेली, लग्नानंतर अक्षरं गिरवलेली बाई नवऱ्याचं अर्धवट राहिलेलं काव्य पुढे लिहायला बसली. आमच्या आईला याचा फार अभिमान. जणू आमच्याच घरातली थोरली जाऊ!

तर असं माझं माहेर. होणारी सून होती अंधेरीजवळच्या मरोळ गावठाणातली. ईस्ट इंडियन, म्हणजे कॅथलिक. 'ईस्ट इंडियन' हे नाव ऐकून कोणी परप्रांतीय वाटेल, पण हे मुंबई, साष्टी, वसईकडचे मूळचे लोक. शेती-मासेमारी करणारे, पोर्तुगीजांच्या काळात ख्रिस्ती झालेले. १८८७ साली, व्हिक्टोरिया राणीच्या राज्याला पन्नास वर्षं झाली तेव्हा, त्यांनी हे नाव घेतलं. घरातली बोली मराठीच, आपल्या कोळी-आगरी वळणाची. अंधेरीच्या सीप्झमध्ये, कंपन्यांच्या इमारतींच्या मधोमध, १५७९ सालच्या चर्चचे पडके अवशेष आहेत. १८४० च्या सुमारास साथ आली आणि गावानं ती जागा सोडली. चर्च मरोळला हललं. मे महिन्यात एका रविवारी तिथं सण भरतो आणि जुन्या गावचे लोक तिथं प्रार्थनेला जातात.

लग्नाच्या आदल्या संध्याकाळी आम्हाला 'उंबराच्या पाण्या'चं बोलावणं होतं. विहिरीवर वाजतगाजत जायचं, पाणी आणायचं आणि त्या पाण्यानं नवरीला न्हाऊ घालायचं, अशी ही रीत. बँड होता, घुमट होतं. लाल चौकटीची लुगडी नेसलेल्या बायका कमरेवर हात ठेवून गात होत्या. मी आपली नगरची सून-मुलगी, काठपदराची साडी नेसून कोपऱ्यात उभी. कॅथलिक लोक, त्यांच्या रीती वेगळ्या, आपण उगाच काही बोलायला नको, असं मनात.

पाणी घरात आल्यावर नवरीच्या आजीनं मला जवळ बसवून घेतलं. पंच्याऐंशी ओलांडलेली, बारीक चणीची बाई. म्हणाली, "बाय, तुमच्याकडं काय गातात?"

मी म्हटलं, "आमच्याकडे भजनं असतात."

"मंग गा की!"

बँडवाले चहा प्यायला गेले होते. मी बसल्या जागी टिळकांचा एक अभंग सुरू केला. आवाज थरथरत होता. दुसऱ्या कडव्याला ध्रुवपद आलं तेव्हा आजी माझ्याबरोबर गायला लागली. तिनं हे गाणं आयुष्यात कधी ऐकलेलं नव्हतं, पण अभंगाचं वळण तिला ठाऊक होतं. पुढच्या वेळी सगळ्या लुगड्यांनी ध्रुवपद उचललं. कुणीतरी घुमटावर ठेका धरला. कॅथलिक-प्रोटेस्टंट हा भेद त्या पाच मिनिटांत कुठं गेला कोण जाणे.

मग आजी बोलती झाली. तिच्या लहानपणी मिस्सा लॅटिनमध्ये असायची. फादर वेदीकडे तोंड करून, लोकांकडे पाठ करून. "शब्द कळायचे?" मी विचारलं. "शब्द नाय कळायचे, सूर कळायचा," ती म्हणाली. मला प्रश्न पडला, हिचा गळा एवढा गोड, ही क्वायरमध्ये होती का? तिनं हात झटकला. "आमी बाकावर. वरती पोरं नि बाप्ये."

घरी आल्यावर मी त्याचा माग काढला. खरोखरच तसा नियम होता. १९०३ साली पोप दहावे पायस यांनी चर्चच्या संगीतासाठी आदेश काढला. क्वायरमध्ये गाणं ही धर्मसेवा आहे, म्हणून त्यात बायका नकोत, उंच सुरांसाठी लहान मुलगे घ्या, असं त्यात म्हटलं होतं. १९५५ साली बारावे पायस यांनी थोडी सूट दिली, मुलगे मिळत नसतील तिथं बायकांना घ्या, पण वेदीच्या कठड्याबाहेर! पुढे व्हॅटिकनची दुसरी महासभा भरली. १९६३ साली तिनं उपासनेत लोकांच्या भाषेला आणि लोकांच्या संगीताला वाट करून दिली. म्हणजे आजीचं सगळं तरुणपण बाकावर गेलं होतं.

मग ती गायली कुठं? जिथं कोणी अडवलं नाही तिथं. लग्नघरी, न्हाणीपाशी, पाळण्यापाशी. आणि खुरसापाशी. मुंबईच्या गावठाणांत घरांच्या मधे छोटे क्रूस दिसतात. १८९६ ला प्लेग आला, त्या दिवसांत असे खुरीस बऱ्याच ठिकाणी उभे राहिले. मे महिना मारियेचा. संध्याकाळी खुरसाला झेंडूच्या माळा घालायच्या, मेणबत्त्या लावायच्या आणि लदाईन म्हणायची. लदाईन ही आपल्या नामावळीसारखी. पुढच्यानं मारियेचं एकेक नाव घ्यायचं आणि बाकीच्यांनी विनवणीचं पालुपद धरायचं. शेवटी उकडलेले चणे वाटायचे. गावठाणात पुढचा मान आजीचा. वीस-पंचवीस वर्षं तीच म्हणत आली होती. लॅटिन शब्द, तिनं आईकडून ऐकून पाठ केलेले.

उपवासकाळात पुराण असायचं. फादर थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट १५७९ साली गोव्यात उतरला, अंधेरीचं चर्च बांधलं गेलं त्याच साली. नव्यानं ख्रिस्ती झालेल्या लोकांनी त्याच्याकडे मागणं केलं की आमची पूर्वीची पुराणं गेली, तर आम्हाला आमच्या भाषेत पुराण द्या. त्यानं सुमारे अकरा हजार ओव्यांचं 'ख्रिस्तपुराण' रचलं. १६१६ साली ते रायतूरला छापलं, तेही रोमन लिपीत. पुढे १६५९ मध्ये आपल्या उत्तर कोकणच्या बोलीतलं, येशूच्या दुःखसहनाचं आणखी एक पुराण लिस्बनला छापून निघालं. आजीची आजी असल्या ओव्या म्हणायची, एवढं तिला आठवत होतं. ओव्या मात्र तिला येत नव्हत्या.

मला नवल वाटतं ते पुढचं. 'ख्रिस्तपुराणा'च्या सतराव्या शतकातल्या छापील आवृत्त्यांची एकही प्रत आज हाती नाही. लोकांनी हातानं नकला उतरून घेतल्या आणि उपवासकाळात म्हणत राहिले, म्हणून १९०७ मध्ये मंगळूरला ते पुन्हा छापता आलं. गाणाऱ्यांनी ग्रंथ वाचवला!

हे सगळं त्या रात्री मला ठाऊक नव्हतं. एवढंच झालं की निघताना आजीनं नातीला हाक मारली आणि म्हणाली, "उद्या हिचं गाणं झालं पायजे." पुस्तिका तर छापून झाली होती. नातीनं रात्रीतून एका कागदावर अभंग लिहून काढला, त्याच्या झेरॉक्स मारल्या आणि पुस्तिकेत घातल्या. माझा भाऊ नगरहून आलाच होता, त्यानं पेटी काढली. तबला मिळाला नाही, तर घुमटवालाच चर्चमध्ये येऊन बसला.

खरं सांगते, गाणं काही छान झालं नाही. घाबरून मी पट्टी वर धरली. क्वायर मागे, पेटी पुढे. पण मागच्या बाकांवरून त्या बायकांनी ध्रुवपद असं काही उचललं, की फादरही थांबून ऐकत राहिले. मुलगा वेदीपाशी उभा होता. त्यानं वळून माझ्याकडे पाहिलं. 'कसं दिसतंय' हे तो विसरला असावा.

या गोष्टीला आता तीन वर्षं झाली. लग्नानंतरच्या मे महिन्यात मी मुद्दाम मरोळला लदाईनीला गेले. सुनेनं आजीचा आवाज मोबाइलवर घेतला. त्यात स्कूटरचा हॉर्न आहे, कुणाच्या तरी कुकरच्या तीन शिट्ट्या आहेत. त्याच पावसाळ्यात आजी गेली.

पुढच्या वर्षी खुरसापाशी सगळे जमले आणि एकमेकांकडे बघत राहिले. कोण म्हणणार? शेवटी सून पुढे झाली. हातात कागद, कानात रेकॉर्डिंग घोटलेलं. निम्म्यावर तिचा सूर अडला. कागदावर शब्द होते हो, पण तो चढ कुठून घ्यायचा ते कागदावर कसं असणार? तेव्हा मागच्या दोन म्हाताऱ्यांनी पालुपद सोडलं नाही. त्यांनी ते पुन्हा पुन्हा म्हणत ठेवलं, सून त्याला धरून पुढच्या नावावर आली आणि लदाईन पार पडली. चणे वाटताना तिच्या हाताला घाम सुटला होता.

घरी येऊन मी आईची वही काढली. आईच्या अक्षरात साठ-सत्तर भजनं आहेत. डोक्यावर 'चाल' लिहून पुढे कुठल्या तरी जुन्या नाटकातल्या पदाचं नाव. ते नाटक आता कोणी पाहिलेलं नाही, ते पद कुणाला येत नाही. आई असताना मी विचारलं नाही. शब्द आहेत, गाणं गेलं. अशी अकरा भजनं मोजली मी.

उरलेली मला येतात. रविवारी संध्याकाळी सून मरोळहून शिकलेली नावं म्हणते आणि मी तिला भजनं शिकवते. माझा मुलगा पेटीवर बोटं फिरवतो, अजून चुकतो.

मैत्रिणींनो, तुमच्याकडे जात्यावरच्या ओव्या असतील, भोंडल्याची गाणी असतील, हरतालिकेची कहाणी असेल किंवा मोहरमची गाणी असतील. शब्द कुठं ना कुठं छापलेले सापडतील. चाल मात्र आई, आजी, आत्या, सासूबाई यांच्याच गळ्यात आहे. त्या आहेत तोवर त्यांच्याजवळ बसा आणि विचारा, "तुमच्याकडे काय गातात?" आणि नुसतं ऐकू नका, त्यांच्याबरोबर गा.