पडद्यावर गोळी, टेबलावर दिवाळी!

संगणकावर खेळ सुरू झाला की आता नुसता पडदाच उजळत नाही. की-बोर्ड, माऊस, हेडफोन सगळेच खेळाच्या तालावर रंग बदलू लागतात. हा निव्वळ झगमगाट, की त्यात काही अर्थही आहे? आणि घरात कुणाला फिट येत असेल तर?

रात्रीचे साडेनऊ वाजलेले. बंगळूरच्या जयनगरमधलं ताईचं घर. ताईची स्वयंपाकघरात आवराआवर चाललेली, तिचे सासरे दिवाणखान्यात बातम्या बघत बसलेले. मी नुकताच जेवून पानाला चुना लावत होतो. एवढ्यात आतल्या खोलीच्या दाराखालून हिरवा उजेड बाहेर आला. थोड्या वेळाने तो पिवळा झाला. मग लालबुंद. आणि एकदम अंधार!

"मेलो!" आतून भाच्याचा आवाज आला.

मी दचकून उठलो. आजोबा मात्र जागचे हलले नाहीत. "बसा हो. तो रोज रात्री आठ-दहा वेळा मरतो," ते म्हणाले.

दार ढकलून आत गेलो, तर आमचे चिरंजीव संगणकासमोर खुशाल बसलेले. इंजिनीअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे. पडद्यावर बंदुकांची लढाई आणि टेबलावरचा की-बोर्ड म्हणजे जणू गणपतीचं मखर! "मामा, बघ. माझा जीव शाबूत असला की कळा हिरव्या. गोळ्या लागायला लागल्या की पिवळ्या. आता मरणार असं झालं की लाल. वर बघावंच लागत नाही, डोळ्यांच्या कोपऱ्यातून कळतं."

आजोबा माझ्या मागोमाग आले होते. त्यांचं तरुणपण पुण्यात गेलं. ते म्हणाले, "यात नवीन काय? आमच्या मंडळात गाण्याच्या ठेक्यावर दिवे उघडमीट करायचे. लोक रात्रभर रांगा लावून बघायचे."

आजोबांचं म्हणणं अर्धं खरं होतं. उरलेलं अर्धं समजून घेण्यासाठी आधी त्या कळीच्या खालचा दिवा बघायला हवा.

तीन दिवे, दीड कोटीच्या वर छटा

या रोषणाईला 'आरजीबी' म्हणतात. लाल, हिरवा आणि निळा या तीन रंगांच्या इंग्रजी नावांची ही आद्याक्षरं. प्रत्येक कळीखाली मोहरीएवढ्या जागेत या तीन रंगांचे तीन एलईडी दिवे शेजारी शेजारी बसवलेले असतात. लाल आणि हिरवा एकदम लावला की डोळ्यांना पिवळा दिसतो, तिन्ही लावले की पांढरा. प्रत्येक दिव्याच्या तेजाच्या २५६ पायऱ्या असतात. २५६ ला २५६ ने आणि पुन्हा २५६ ने गुणा, उत्तर येतं एक कोटी सदुसष्ट लाखांच्या वर. एवढ्या छटा एका कळीतून निघू शकतात!

तेज कमीजास्त करण्याची युक्तीही गमतीची आहे. दिवा मंद केला जात नाही, तो सेकंदाला शेकडो वेळा चालू-बंद केला जातो. बंद राहण्याचा काळ जास्त ठेवला की आपल्याला तो मंद वाटतो. वेग इतका असतो की डोळ्यांना ती उघडमीट जाणवत नाही.

हा दिवा सहजासहजी हाती आलेला नाही बरं का! डोळ्यांना दिसेल असा लाल एलईडी अमेरिकेत निक होलोनियाक यांनी १९६२ साली बनवला. निळा मात्र तीस वर्षं हुलकावणी देत राहिला. अखेर १९९३ मध्ये जपानच्या निचिया कंपनीतल्या शूजी नाकामुरा यांनी लख्ख उजळणारा निळा एलईडी जगापुढे आणला. या शोधासाठी इसामू आकासाकी, हिरोशी अमानो आणि नाकामुरा या तिघांना २०१४ चं भौतिकशास्त्राचं नोबेल मिळालं. आज आपल्या घरातले पांढरे एलईडी बल्ब जळतात ते याच निळ्या दिव्याच्या जोरावर. भाच्याचा की-बोर्ड हा त्याच घराण्यातला धाकटा, थोडा उनाड भाऊ!

खेळ दिव्याशी बोलतो कसा?

गणपतीच्या मंडळातले दिवे ऐकायचे ते फक्त आवाज. ठेका पडला की उजळ, थांबला की विझ. गाण्याचा अर्थ त्यांना कळत नसे. आजही काही की-बोर्ड असेच कानाने चालतात. काही नजरेने चालतात, म्हणजे पडद्याच्या कडेला जो रंग असेल तो उचलतात. फिलिप्स कंपनीने २००४ साली 'ॲम्बिलाइट' नावाचे दूरदर्शन संच आणले होते. त्यांच्या पाठीमागची भिंत पडद्यावरच्या रंगात न्हाऊन निघायची. पुढे त्याच कंपनीचे 'ह्यू' हे बल्ब आले आणि २०१८ पासून खोलीतले दिवेही संगणकाच्या पडद्याबरोबर रंग बदलू लागले.

तिसरा प्रकार खरा हुशार. इथे खेळ स्वतःच दिव्याला निरोप पाठवतो. खेळाडूचा किती जीव शिल्लक आहे, बंदुकीत किती गोळ्या आहेत, हे आकडे खेळाच्या पोटात असतातच. ते आकडे मधला एक दुभाषी प्रोग्रॅम वाचतो. '१०० म्हणजे हिरवा, ५० म्हणजे पिवळा, २० च्या खाली लाल' अशी कोष्टकं त्याच्याकडे लिहिलेली असतात. तो रंगाचा हुकूम यूएसबीच्या वायरीतून की-बोर्डमधल्या छोट्या चिपला देतो आणि चिप दिवे लावते. हे सगळं डोळ्याचं पातं लवायच्या आत!

'काउंटर-स्ट्राइक' या प्रसिद्ध खेळाने २०१५ मध्ये असे आकडे बाहेरच्या प्रोग्रॅमना वाचायला खुले केले. २०१६ च्या 'ओव्हरवॉच'मध्ये तर निवडलेल्या पात्राप्रमाणे अख्खा की-बोर्ड रंग बदलू लागला. त्याआधी, २०१३ मध्ये, सोनीने 'प्लेस्टेशन ४' बरोबर जो हातातला कंट्रोलर दिला, त्याच्या कपाळावरच दिव्याची पट्टी होती. 'ग्रँड थेफ्ट ऑटो ५' या मोठ्यांसाठीच्या खेळात पोलीस मागे लागले की ती पट्टी लाल-निळी लखलखते, थेट पोलिसांच्या गाडीसारखी.

हा खेळ बनवणाऱ्या रॉकस्टार कंपनीचा बंगळूरशीही संबंध आहे. राजेश राव यांनी १९९७ मध्ये याच शहरात 'ध्रुव इंटरॅक्टिव्ह' सुरू केली. व्हिडिओ गेम बनवणाऱ्या भारतातल्या अगदी पहिल्या कंपन्यांपैकी ती एक. २०१९ मध्ये रॉकस्टारने ती विकत घेतली.

एका घरात चार सुभेदार

मग अडतं कुठे? अडतं ते कंपन्यांच्या भाऊबंदकीत. रेझर कंपनीने २०१४ मध्ये 'क्रोमा' नावाने ही रोषणाई आणली. पाठोपाठ लॉजिटेक, कोर्सेअर, असूस, स्टीलसिरीज अशा सगळ्यांनी आपापले दुभाषी प्रोग्रॅम काढले. माऊस एका कंपनीचा, की-बोर्ड दुसरीचा आणि हेडफोन तिसरीचा असेल तर संगणकात तीन सुभेदार नांदणार. एकाचं दुसऱ्याला कळत नाही. माऊस लाल तर की-बोर्ड निळा!

या गोंधळावर उतारा म्हणून काही हौशी प्रोग्रॅमरांनी 'ओपनआरजीबी' हा फुकट प्रोग्रॅम बनवला. तो अनेक कंपन्यांच्या वस्तू एका छत्राखाली आणतो. मायक्रोसॉफ्टनेही २०२३ मध्ये 'विंडोज ११'मध्येच अशा दिव्यांची एक सामाईक सोय करून दिली. मात्र ती मानणाऱ्या वस्तूच तिच्या हुकमात चालतात.

ताईची खरी चिंता

इथवर सगळं गमतीचं होतं. पण मी पाहिलं, ताई त्या खोलीत पाऊल टाकत नव्हती आणि भाचीला तर आत जायला सक्त मनाई होती. भाची बारा वर्षांची. दोन वर्षांपूर्वी तिला शाळेत फिट आली होती. तेव्हापासून औषध चालू आहे. "हे लखलखणारं खूळ घरातून जाईल तेव्हाच मला झोप लागेल," ताई म्हणाली. भाऊजींनी एकदा की-बोर्ड उचलून माळ्यावर टाकलाही होता. त्यावरून बापलेकांत आठ दिवस अबोला!

ताईची भीती वाऱ्यावरची नव्हती. १६ डिसेंबर १९९७ रोजी जपानमध्ये 'पोकेमॉन' या कार्टून मालिकेचा एक भाग दाखवला गेला. त्यात काही सेकंद लाल आणि निळा रंग अतिशय वेगाने आलटून पालटून लखलखला. त्या रात्री सुमारे ६८५ जणांना रुग्णालयात न्यावं लागलं, त्यातली बहुतेक मुलंच होती. त्यांपैकी कित्येकांना त्याआधी कधीच फिट आलेली नव्हती.

याला प्रकाशामुळे येणारी फिट म्हणतात. सेकंदाला तीन ते तीस वेळा होणारी लखलख यात जास्त घातक, त्यातही लाल रंगाची. लहान मुलं आणि किशोरवयीन मुलं यांच्यात हा त्रास अधिक दिसतो. पण याची दुसरी बाजूही लक्षात घ्यायला हवी. अपस्माराच्या शंभर रुग्णांपैकी साधारण तिघांनाच प्रकाशाचा असा त्रास होतो. बाकीच्यांच्या फिटचा दिव्यांशी संबंध नसतो.

आपलं माणूस त्या तिघांतलं की सत्त्याण्णवांतलं, हे घरी बसून कसं ठरवणार? त्यासाठी मेंदूचा आलेख काढतात, ईईजी. तो काढताना डोळ्यांसमोर लखलखणारा दिवा धरून मेंदू काय प्रतिसाद देतो ते तपासता येतं. ताईने डॉक्टरांना हे मोकळेपणाने विचारलं. त्यांनी जुना आलेख काढून पाहिला. ती तपासणी झालेली होती आणि प्रकाशाचा काही परिणाम दिसलेला नव्हता. दोन वर्षं उराशी बाळगलेली भीती पाच मिनिटांत निम्मी झाली! तरीही डॉक्टरांनी सांगितलं, "लखलखाट नकोच. रंग सावकाश बदलू देत."

ही सोय प्रत्येक चांगल्या की-बोर्डच्या प्रोग्रॅममध्ये असते. 'स्ट्रोब' किंवा 'फ्लॅश' नावाचे प्रकार बंद करायचे आणि एकच स्थिर रंग किंवा हळूहळू पालटणारा रंग ठेवायचा. खेळताना खोलीतला दिवा चालू ठेवावा, पडद्यापासून अंतर राखावं, अधूनमधून उठावं. लखलखाट अंगावर आलाच तर एक डोळा तळहाताने पूर्ण झाकून तोंड फिरवावं.

आणि कुणाला फिट आलीच तर? कांदा, चप्पल हुंगवू नका. तोंडात चमचा घालू नका, हातपाय दाबून धरू नका. आसपासच्या टोकदार वस्तू दूर करा, डोक्याखाली मऊ काहीतरी ठेवा, माणसाला कुशीवर वळवा आणि घड्याळ बघा. पाच मिनिटांत थांबली नाही, तर तडक रुग्णालय गाठा.

दिवा नव्हे, वेळ मोजा

भाऊजींचा आक्षेप वेगळा होता. त्यांना दिव्याचं बिल आणि मुलाचं व्यसन या दोन्हींची काळजी. बिलाचं उत्तर सोपं. साध्या यूएसबीच्या जोडणीतून की-बोर्डला फार तर अडीच वॅट मिळतात. रोज चार तास खेळलं तरी शंभर दिवसांत एक युनिट!

व्यसनाचं उत्तर इतकं सोपं नाही. जागतिक आरोग्य संघटनेने खेळाच्या अनावर आहारी जाण्याला विकारांच्या यादीत स्थान दिलं असून ती यादी १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली. मात्र आवड म्हणजे विकार नव्हे. खेळावरचा ताबा सुटला, अभ्यास-झोप-माणसं सगळी मागे पडली आणि नुकसान दिसूनही खेळ थांबेना, असं दीर्घकाळ चाललं, तरच ती काळजीची गोष्ट. अशा वेळी बंगळूरकरांना दूर जायला नको. जयनगरच्या शेजारीच असलेल्या निमहान्स या संस्थेने २०१४ मध्ये तंत्रज्ञानाच्या निरोगी वापरासाठी 'शट' नावाचं खास क्लिनिक सुरू केलं.

खरेदीला निघालात?

मुलाचा हट्ट पुरवायचाच असेल, तर बंगळुरात एस. पी. रोड आणि मुंबईत लॅमिंग्टन रोड या संगणकाच्या सामानाच्या जुन्या पेठा. तिथे जाण्याआधी चार गोष्टी लक्षात ठेवा.

'रेनबो' आणि 'आरजीबी' यांत फरक आहे. स्वस्तातल्या रेनबो की-बोर्डमध्ये दिव्यांचे रंग ठरलेले असतात, ते खेळाबरोबर बदलत नाहीत. प्रत्येक कळीचा रंग स्वतंत्र बदलतो का, की तीन-चार पट्टेच आहेत, हे दुकानात लावून बघा. तुमच्या मुलाचा आवडता खेळ त्या कंपनीच्या रोषणाईशी जुळतो का, ते विचारा. सगळेच खेळ जुळत नाहीत. आणि शक्यतो सगळ्या वस्तू एकाच कंपनीच्या घ्या, म्हणजे सुभेदारांची भांडणं टळतील.

आणखी एक. दिव्यांमुळे खेळ सुधारतो या भ्रमात राहू नका. कळा चांगल्या हव्यात, रोषणाई नंतर.

परवा ताईचा फोन आला होता. की-बोर्ड माळ्यावरून खाली उतरला आहे. भाच्याने दुभाषी प्रोग्रॅममधले लखलखाटाचे सगळे प्रकार बंद केले आहेत आणि रात्री दहाची वेळ पाळायचं कबूल केलं आहे. रंग निवडायचं काम भाचीकडे. खोलीत जायची परवानगी मिळाल्याबरोबर तिने पहिला हुकूम सोडला, "दादा मेला की लाल नको, जांभळा कर. लाल बघून आई घाबरते."

दाराखालून आता जांभळा उजेड येतो. आजोबा अजूनही जागचे हलत नाहीत. पण भाद्रपद जवळ आला की नातवाला विचारतात, "काय रे, तुझं हे यंत्र आरतीच्या ठेक्यावर चालेल का?"