घरचा संगणक आणि घरचे दप्तर

पूर्वी आपल्याकडे बऱ्या स्थितीतील बहुतेक घरांत एक दप्तर असे. रुमालात बांधलेले ते गठ्ठे माळ्यावर किंवा भिंतीतल्या फडताळात ठेवलेले असत. जमिनीचे कागद, वाटणीपत्रे, रोखे, जन्मपत्रिका, लग्नखर्चाच्या याद्या आणि एखाद्या मामाने रागाच्या भरात लिहिलेले पत्र, असे सारे त्यांत एकत्र नांदत असे. घरातील कर्ता माणूस सोडला, तर त्या गाठी सहसा कोणी सोडीत नसे. गेल्या वीसपंचवीस वर्षांत ते दप्तर माळ्यावरून उतरून संगणकात येऊन बसले आहे. विम्याचे कागद, आयकराचे विवरण, आधार, पॅन, घराचा करार, मुलांच्या गुणपत्रिका, डॉक्टरांचे अहवाल आणि हजारो छायाचित्रे आज एका वहीएवढ्या यंत्रात मावतात. मात्र या नव्या दप्तराला गाठ आहे की नाही, हे पुष्कळांनी कधी पाहिलेलेच नसते.

मी पेशाने सरकारी नोकर. गेली वीसएक वर्षे नस्त्या आणि अभिलेख यांच्या सहवासात गेली आहेत. कचेरीत प्रत्येक कागदासंबंधी दोन प्रश्न ठरलेले असतात : हा किती काळ ठेवायचा, आणि तो कोणी पाहायचा? महाराष्ट्रातील कचेऱ्यांत अभिलेखांचे अ, ब, क, ड असे वर्ग असतात. ‘अ’ वर्गाचा कागद कायमचा जपायचा, ‘ड’ वर्गाचा थोड्याच काळात नष्ट करायचा. ही पद्धत रुक्ष आहे खरी. परंतु घरच्या संगणकाची निगा आणि घरची गुप्तता यांविषयी जे सांगण्यासारखे आहे, ते बहुतेक या दोन प्रश्नांतच सामावते. घरी आपण सारेच कागद ‘अ’ वर्गाचे मानतो. पण त्यांच्या दुसऱ्या प्रती करीत नाही, आणि ते कोणी पाहावेत याचाही विचार करीत नाही.

यंत्राच्या शरीराविषयी थोडक्यात सांगतो, कारण ते तुलनेने सोपे आहे. त्याचे वैरी चार : उष्णता, धूळ, दमट हवा आणि बेभरवशाची वीज. दिल्लीच्या किंवा इंदूरच्या श्रोत्यांना उन्हाळ्यातील धूळ छळते, तर कोकणातील आणि गोव्यातील श्रोत्यांना पावसाळ्यातील ओल. मांडीवरचा संगणक गादीवर किंवा उशीवर ठेवून चालवू नये. खालची हवेची वाट बंद होते आणि आतील पंखा उगाच धापा टाकू लागतो. टेबलावरच्या संगणकाची पेटी सहा महिन्यांतून एकदा, वीज पूर्ण तोडून, उघडावी आणि मऊ कुंचल्याने व हवेच्या झोताने साफ करावी. झोत सोडताना पंख्याचे पाते बोटाने धरून ठेवावे. वळवाच्या पावसात विजा कडाडू लागल्या की नुसते बटण बंद करून भागत नाही, खटका उपसून ठेवावा. इंटरनेटची तार धातूची असेल तर तीही. मांडीवरच्या संगणकाची बॅटरी फुगून तळ उचललेला दिसला, तर तो त्या दिवसापासून वापरू नये. इतके केले म्हणजे यंत्र आपल्या आयुष्याच्या अंतापर्यंत जाते. परंतु अंत येतोच, आणि बाजारात दुसरे यंत्र मिळाले तरी त्यातील दप्तर कोठेही विकत मिळत नाही.

म्हणून पहिला नियम दुसऱ्या प्रतीचा. २१ जून २०१२ रोजी मुंबईत मंत्रालयाला आग लागली, तेव्हा वरच्या मजल्यांवरील असंख्य नस्त्या जळून गेल्या. ज्या कागदांची प्रत अन्यत्र, जिल्ह्याच्या कचेरीत किंवा दुसऱ्या एखाद्या विभागात, होती ते पुन्हा उभे करता आले. त्यापुढच्या काळात सरकारी कागद संगणकावर आणण्याच्या कामाने जो वेग घेतला, त्यामागे ही आग होती. घरच्या माणसाने यावरून एवढेच उचलावे की, मूळ आणि प्रत एकाच कपाटात ठेवली तर ती प्रतच नव्हे. महत्त्वाच्या फाइलींच्या तीन प्रती असाव्यात : एक संगणकात, दुसरी वेगळ्या डिस्कवर आणि तिसरी घराबाहेर. ही तिसरी प्रत इंटरनेटवरील एखाद्या भरवशाच्या साठवणीत ठेवावी किंवा परगावच्या भावाच्या कपाटात. मला स्वतःला भावाचे कपाट अधिक पसंत आहे. दुसऱ्या प्रतीची डिस्क सदैव संगणकाला जोडून ठेवू नये. खंडणीसाठी फाइलींना कुलूप घालणारे विषाणू असतात, ते जोडलेल्या डिस्कलाही सोडीत नाहीत. आणि अधूनमधून त्या प्रतीतील एखादी फाइल उघडून पाहावी, कारण न उघडलेल्या गाठोड्यात काय उरले आहे, हे कोणालाच ठाऊक नसते.

येथे मराठी माणसापुढे एक अडचण आहे, ती इंग्रजीत सारा व्यवहार करणाऱ्याला सहसा भोगावी लागत नाही. पंधरावीस वर्षांपूर्वीचे पुष्कळसे मराठी लेखन श्रीलिपी, शिवाजी, आकृती अशा निरनिराळ्या टंकांत केलेले आहे. तो टंक संगणकावर नसला की, वडिलांनी सायास करून टंकलेला कुलवृत्तान्त इंग्रजी अक्षरांच्या आणि चिन्हांच्या अर्थहीन रांगांसारखा दिसू लागतो. फाइल शाबूत असते, परंतु वाचता येत नाही. पेशवे दप्तराची गोष्ट काहीशी अशीच झाली. पुण्याच्या पुरालेखागारात ते रुमाल आहेत. पण ते मोडी लिपीत असल्यामुळे, गोविंद सखाराम सरदेसाई यांच्या संपादनाखाली १९३० ते १९३४ या काळात ४५ खंडांत त्यांतील निवडक कागद छापले गेले, तसा थोडाच भाग सामान्य वाचकाच्या आवाक्यात आला. आपल्या घरच्या जुन्या मराठी फाइली, त्यांचे टंक जवळ आहेत तोवरच, युनिकोडमध्ये बदलून घ्याव्यात. त्यासाठीची साधने उपलब्ध आहेत. जोडाक्षरे आणि रफार मात्र बदलानंतर एकदा नजरेखालून घालावे लागतात.

आता कुलुपाकडे वळू. संगणक चालविणारी जी मूळ प्रणाली असते, तिच्यात दोष सापडत राहतात, आणि ती बनविणारी कंपनी वेळोवेळी त्यांवर दुरुस्ती पाठविते. ‘नंतर करू’ असे म्हणून ही दुरुस्ती पुढे ढकलण्याचा आपला परिपाठ आहे. मे २०१७ मध्ये ‘वॉनाक्राय’ नावाच्या विषाणूने जगभर लक्षावधी संगणकांना टाळे ठोकले. ब्रिटनमधील सार्वजनिक रुग्णालयांना शस्त्रक्रिया पुढे ढकलाव्या लागल्या. तो ज्या दोषातून शिरला, त्यावरील दुरुस्ती मायक्रोसॉफ्टने मार्च महिन्यातच दिलेली होती. दोन महिन्यांच्या आळसाची ती किंमत. ज्यांच्याकडे अजून ‘विंडोज १०’ आहे, त्यांनी ध्यानात घ्यावे की, तिच्या नेहमीच्या मोफत दुरुस्त्या १४ ऑक्टोबर २०२५ रोजी संपल्या. त्यानंतर कंपनीने दिलेली वाढीव सोय ही मुदतवाढ आहे, मुक्काम नव्हे. चोरून उतरविलेल्या सॉफ्टवेअरविषयी तर बोलायलाच नको. ते बसविताना ‘आधी विषाणूरोधक बंद करा’ अशी सूचना असते. पहारेकऱ्याला घरी पाठवून मग दार उघडण्याचाच हा प्रकार झाला.

परवलीच्या शब्दाविषयी लोकांत एक समज आहे की, तो दर महिन्याला बदलावा. अमेरिकेच्या राष्ट्रीय मानक संस्थेने २०१७ सालीच हा आग्रह सोडून दिला, कारण वारंवार बदलायला लावले की माणसे शेवटचा आकडा तेवढा वाढवितात. त्याऐवजी शब्द लांब असावा, आणि बँकेचा, टपालाचा व दुकानाचा शब्द एकच नसावा. टपालखात्याचा, म्हणजे ईमेलचा, शब्द सर्वांत जपावा. बाकी बहुतेक कुलुपांच्या नव्या किल्ल्या त्याच पत्त्यावर येतात. शब्द वहीत लिहून ठेवू नयेत, असे तज्ज्ञ म्हणत आले. घरातील कपाटात, कुलुपात ठेवलेली वही मला तितकीशी धोक्याची वाटत नाही. दूर देशीच्या चोराला ती वाचता येत नाही. यंत्राच्या कडेला चिकटविलेली चिठ्ठी मात्र अक्षम्य.

गुप्तता म्हटली की आपल्याला मोठ्या कंपन्या आणि दूरचे हेर आठवतात. प्रत्यक्षात आपले दप्तर बहुतेक वेळा गल्लीच्या कोपऱ्यावर उघडे पडते. झेरॉक्सच्या दुकानात आपण आधारची फाइल व्हॉट्सॲपवर पाठवितो, दुकानदार ती आपल्या संगणकावर उतरवितो, कागद छापून देतो, आणि फाइल तेथेच राहते. दुकानदार प्रामाणिक असतो. पण त्याच्या संगणकावर शेकडो घरांचे दप्तर साचते, आणि तो संगणक उद्या कोणाच्या हाती जाईल, हे त्यालाही ठाऊक नसते. आधारच्या उतरविलेल्या फाइलीला परवलीचा शब्द असतो खरा; पण तो म्हणजे नावाची पहिली चार इंग्रजी अक्षरे आणि जन्मवर्ष, हे साऱ्या जगाला माहीत आहे. शक्य तेथे शेवटचे चारच आकडे दाखविणारा झाकलेला आधार द्यावा, आणि काम झाल्यावर फाइल आपल्या देखत पुसायला सांगावी. यात दुकानदाराचा अपमान नाही.

‘पुसणे’ या शब्दापाशी जरा थांबले पाहिजे. फाइल पुसली म्हणजे ती नाहीशी झाली, असे आपण समजतो. ग्रंथालयाच्या सूचीतून कार्ड काढून टाकले, तरी पुस्तक फळीवर राहतेच; संगणकही प्रथम केवळ सूचीतील नोंद काढतो. त्या जागेवर दुसरे काही लिहिले जाईपर्यंत जुना मजकूर तेथे असू शकतो, आणि तो शोधून काढणारी साधने कोणालाही मिळतात. नव्या प्रकारच्या, चाक नसलेल्या, डिस्कमध्ये यंत्र स्वतःहून जुन्या जागा रिकाम्या करीत जाते. परंतु ते काम केव्हा पुरे झाले, हे मालकाला कळत नाही. म्हणूनच जुना संगणक विकताना किंवा भंगारवाल्याला देताना नुसत्या फाइली पुसणे पुरेसे नाही. माझ्या माहितीतील एका निवृत्त गृहस्थांनी जुने यंत्र विकले आणि काही दिवसांनी त्यांना ते घेणाऱ्याचाच दूरध्वनी आला : ‘आपल्या कन्येच्या विवाहाची छायाचित्रे यात आहेत, हवी आहेत का?’ माणूस भला निघाला. त्या छायाचित्रांशेजारीच त्यांचे निवृत्तिवेतनाचे आणि बँकेचे सारे कागद होते.

यावरचा खात्रीचा उपाय शेवटच्या दिवशीचा नाही, पहिल्या दिवशीचा आहे. संपूर्ण डिस्क कूटबद्ध करून ठेवावी, म्हणजे सारे दप्तर अशा गुप्त लिपीत राहते की, किल्ली नसणाऱ्याला त्यातील अक्षरही लागू नये. विंडोजमध्ये ही सोय ‘बिटलॉकर’ किंवा ‘डिव्हाइस एन्क्रिप्शन’ या नावाने, आणि ॲपलच्या संगणकांत ‘फाइलव्हॉल्ट’ या नावाने असते. पुष्कळ नव्या यंत्रांत ती मालकाच्या नकळत चालूही झालेली असते. तसे असल्यास विंडोजची ४८ आकड्यांची सुटकेची किल्ली शोधून कागदावर उतरवून ठेवावी. एखाद्या दुरुस्तीनंतर यंत्र ती अचानक मागते, आणि त्या वेळी ती जवळ नसली तर मालकच आपल्या दप्तराला पारखा होतो. यंत्र देऊन टाकताना सर्व काही काढून डिस्क साफ करण्याचा पर्याय प्रणालीतच असतो, तो वापरावा. आणि बंद पडलेल्या यंत्रातील डिस्क काढून घेऊनच भंगार नोंदणीकृत पुनर्वापर करणाऱ्याकडे द्यावे. कळफलक बदलायला कारागिराला आपला परवलीचा शब्द लागत नाही, हेही सांगून ठेवतो. तो मागणे ही केवळ सवय असते, आणि देणे हीसुद्धा.

दूरध्वनीवरून ‘आपल्या संगणकात विषाणू आढळला आहे, मी सांगतो ते सॉफ्टवेअर बसवा’ म्हणणाऱ्याला मात्र ऐकूनही घेऊ नये. संगणकाचा पडदा परक्याच्या हाती सोपविणाऱ्या अशा साधनांविषयी रिझर्व्ह बँकेने २०१९ सालीच सावध केले होते. तशात पैसे गेलेच, तर लाजेने गप्प न बसता तत्काळ १९३० या क्रमांकावर कळवावे. पहिल्या काही तासांत रक्कम अडविण्याची शक्यता सर्वांत अधिक असते.

खाजगीपणा हा मूलभूत अधिकार आहे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांच्या पीठाने २४ ऑगस्ट २०१७ रोजी एकमताने दिला, आणि २०२३ साली संसदेने वैयक्तिक माहितीच्या रक्षणाचा कायदा केला. तो माहिती गोळा करणाऱ्या संस्थांना बंधन घालतो. व्यक्तीने घरगुती कारणासाठी केलेल्या वापराला तो लागूच होत नाही. म्हणजे घरच्या दप्तराचा अभिलेखपाल घरातलाच कोणी तरी असावा लागतो.

आणि तो एकटाच असला, तर आणखी एक प्रश्न उभा राहतो, ज्याचा उच्चार आपल्याकडे अशुभ मानतात. अनेक घरांत परवलीचा शब्द एकाच माणसाच्या डोक्यात असतो. तो माणूस अकस्मात गेला की, मागे राहिलेल्या पत्नीला विम्याचा कागद आहे हे माहीत असते, कोणत्या यंत्रात आहे तेही माहीत असते, आणि ते यंत्र तिच्यासमोर टेबलावर बंद असते. कूटबद्ध डिस्कपुढे मुलाची अभियांत्रिकीची पदवीही चालत नाही. म्हणून एका पाकिटात यंत्राचा शब्द, ईमेलचा शब्द आणि सुटकेची किल्ली लिहून ते बंद करावे, बँकेच्या पेटीत किंवा दागिन्यांशेजारी ठेवावे, आणि ते कोठे आहे हे घरातील आणखी एकाला सांगावे. पाकिटावर तारीख घालावी. दिवाळीत वहीपूजनाच्या दिवशी ते उघडून पाहण्याचा परिपाठ ठेवला, तर मधल्या काळात बदललेला शब्द त्यात उतरवायचा राहून जात नाही.