ओल्या रानात झाड का सुकते?

पावसाने तीन आठवडे ओढ द्यावी, कपाशी फुलापात्यांवर यावी आणि मग एका रात्रीत मुसळधार पाऊस कोसळावा, हा अनुभव विदर्भ-मराठवाड्यातील शेतकऱ्यांना नवा नाही. पाऊस आला म्हणून शेतकरी सुखावतो. परंतु सकाळी शेतावर जाऊन पाहावे, तो कालपर्यंत तरारलेली झाडे माना टाकून उभी! आजूबाजूची झाडे मात्र टवटवीत. रोग पडला अशी चर्चा सुरू होते आणि औषधांच्या दुकानाकडे धाव घेतली जाते. वस्तुतः हा रोग नव्हे. कृषितज्ज्ञ यास ‘आकस्मिक मर’ असे म्हणतात.

झाडाची पाने ताठ राहतात ती पेशींतील पाण्याच्या दाबामुळे. पर्णरंध्रांतून सतत पाणी वाफेच्या रूपाने बाहेर पडते आणि तितकेच मुळांनी पुरवावे लागते. पुरवठा कमी पडला की पेशी सैल होतात व पान लोंबते. भर दुपारी मलूल झालेले झाड सायंकाळी पूर्ववत होते, ते हा हिशेब पुन्हा जुळल्यामुळे. त्यात काळजीचे कारण नाही.

पण मुळांना केवळ पाणी पुरत नाही, श्वासही घ्यावा लागतो. मातीच्या कणांमधील पोकळ्यांत थोडे पाणी व थोडी हवा असते. यालाच शेतकरी वाफसा म्हणतात, आणि या एका शब्दात मृदाशास्त्राचा मोठा भाग सामावलेला आहे. भारी काळ्या जमिनीत पाणी साचले की हवा हुसकली जाते, मुळे गुदमरतात आणि भोवती पाणी असूनही ते शोषून घेऊ शकत नाहीत. त्यातच ऊन पडले तर पानांची मागणी वाढते. म्हणूनच भरपूर पाने व बोंडे लागलेली जोमदार झाडेच बहुधा प्रथम बळी पडतात. अशा झाडाला ‘सुकले’ म्हणून आणखी पाणी देणे म्हणजे बुडत्याला पाणी पाजण्यासारखेच होय.

उपाय तातडीने करावयास हवा. प्रथम चर काढून साचलेले पाणी शेताबाहेर काढावे. त्यानंतर १० लिटर पाण्यात २०० ग्रॅम युरिया, १०० ग्रॅम पांढरा पोटॅश व २५ ग्रॅम कॉपर ऑक्सिक्लोराईड मिसळून प्रत्येक सुकू लागलेल्या झाडाच्या बुंध्याशी सुमारे १५० मिलिलिटर द्रावणाची आळवणी करावी व माती पायाने दाबून घ्यावी. साचलेल्या पाण्यात नत्राचा ऱ्हास होतो व मुळांनाही ते घेता येत नाही. त्याची भरपाई यातून होते. वाफसा येताच हलकी खुरपणी वा कोळपणी केल्यास मातीत हवा खेळू लागते. लक्षणे दिसताच हे केले तर पुष्कळ झाडे सावरतात. पाने व पाती गळलेल्या झाडांनाही काही वेळा नवी फूट येते. दोन-चार दिवस वाट पाहिली, तर मात्र हाती फारसे लागत नाही.

तुरीवरील मर निराळी. ती जमिनीतील फ्युजेरियम बुरशीमुळे होते. सुकलेल्या झाडाचे खोड उभे चिरले असता आत तपकिरी-काळ्या रेषा दिसतात. पाणी वाहून नेणाऱ्या नलिकाच बुरशीने बंद केलेल्या असतात. आकस्मिक मर झालेल्या कपाशीचे खोड आतून स्वच्छ असते. चाकूच्या एका कापात हा निवाडा होतो, तरीही तो न करता फवारणीवर पैसा खर्च होतो, हे खेदजनक आहे. बुरशीने मेलेले तुरीचे झाड कोणत्याही आळवणीने उठत नाही. ते मुळासकट उपटून जाळावे. ही बुरशी पिकाच्या अवशेषांवर सुमारे तीन वर्षे तग धरते; त्यामुळे त्या शेतात तितका काळ तूर टाळावी. पुढे ज्वारीचे आंतरपीक घ्यावे आणि बीडीएन ७११ किंवा बीएसएमआर ७३६ यांसारखे मर रोगास प्रतिकारक वाण निवडावेत.

कपाशीच्या बाबतीत खरी तयारी पेरणीपूर्वीच होते. भारी जमिनीत उताराला धरून चर ठेवावेत, लागवड सरी-वरंब्यावर करावी आणि ओलिताची सोय असल्यास दीर्घ उघडिपीत हलके पाणी द्यावे, म्हणजे पावसाच्या पहिल्या तडाख्याने मुळांना एकाएकी धक्का बसत नाही.