मनोरंजन ब्यापारी : आपल्या शेजारचा आचारी-लेखक

बंगाली लेखक मनोरंजन ब्यापारींचं नाव निघालं की पुस्तकवेडी मंडळी थेट कोलकात्याला पोचतात. पोचोत बापडी. पण आम्हा भिलाईकरांचाही या माणसावर थोडा हक्क आहे, हे मी वर्षानुवर्षं भेटेल त्याला ऐकवत आलोय. त्यांच्या आयुष्याची ऐन उमेदीतली वर्षं आपल्या छत्तीसगडात गेली, तीही कामगार पुढारी शंकर गुहा नियोगींच्या संघटनेत.

पार्श्वभूमी चटकन उरकतो. जन्म 1950च्या सुमारास पूर्व बंगालात, बारिसालकडच्या नामशूद्र कुटुंबात. फाळणीनंतर घरदार पश्चिम बंगालातल्या निर्वासित छावणीत आलं. 1958 साली सरकारने दंडकारण्य प्रकल्प काढून अशा कुटुंबांना बस्तर-कोरापुटच्या जंगलात धाडायला सुरुवात केली. रायपूरजवळचा माना कॅम्प, पखांजूरची परलकोट वसाहत, गडचिरोलीतली चामोर्शी-मुलचेऱ्याकडची बंगाली गावं, ही सगळी त्याच स्थलांतराची खूण. ब्यापारींच्या वडिलांनी तेव्हा जायचं नाकारलं, आणि मग पोरगा पोटासाठी घराबाहेर पडला. चहाच्या टपरीवर ग्लास विसळले, ओझी वाहिली, मिळेल ते काम केलं. शाळेचं तोंड पाहिलं नाही. सत्तरच्या दशकात नक्षलवाद्यांच्या धामधुमीत तुरुंगवास घडला आणि तिथे एका जाणत्या कैद्याने जमिनीवर काडीने अक्षरं गिरवायला शिकवलं. तेव्हा वय विशीच्या पुढे गेलेलं.

सुटल्यावर जादवपूरला रिक्षा ओढताना वाचनाचं वेड लागलं. एकदा कॉलेजातून बाहेर पडलेल्या एका प्राध्यापिका बाई रिक्षात बसल्या. वाचताना अडलेल्या ‘जिजीविषा’ (जगण्याची इच्छा) या शब्दाचा अर्थ ब्यापारींनी बाईंनाच विचारला. बाई चकित झाल्या. आपल्या ‘बर्तिका’ त्रैमासिकासाठी लिही म्हणाल्या आणि नाव-पत्ता दिला. त्या महाश्वेता देवी होत्या, आणि त्यांचंच पुस्तक तेव्हा रिक्षाच्या सीटखाली होतं! 1981 साली ‘बर्तिका’त रिक्षा ओढण्यावरचा ब्यापारींचा लेख छापून आला. हा किस्सा सगळे सांगतात, मीही सांगितला. पण हा लेखक एका भेटीत घडला, असं समजणाऱ्यांशी माझं भांडण आहे.

कारण नंतर ते दंडकारण्यात आले. वडिलांनी नाकारलेल्या त्याच मुलखात! आणि इथे त्यांना नियोगी भेटले. नियोगीही बंगालीच. भिलाई पोलाद कारखान्यात कामाला लागले, चळवळीपायी नोकरी गेली. भिलाईच्या भट्ट्यांना लोहखनिज पुरवणाऱ्या दल्ली-राजहऱ्याच्या खाणींत 1977 साली त्यांनी ठेकेदारी मजुरांची संघटना उभी केली. त्याच जूनमध्ये पोलिसांच्या गोळीबारात 11 जण गेले. त्यांच्या स्मरणार्थ मजुरांनी स्वतः वर्गणी काढून, घाम गाळून शहीद हॉस्पिटल बांधलं. ते 1983 साली सुरू झालं. ‘संघर्ष और निर्माण’ ही घोषणा भिंतीवर पुष्कळजण रंगवतात; इथे तिचे वॉर्ड झाले.

मी दल्लीला जातो तेव्हा आधी हॉस्पिटलकडे वळतो. बालोद मागे पडलं की रस्त्याकडेच्या सागाच्या पानांवर तांबडी धूळ दिसू लागते. चपला तांबड्या, पँटचे काठ तांबडे. घरी परतल्यावर सौ. दारातच थांबवते. हॉस्पिटलाच्या अंगणात गावाकडून आलेली माणसं डबे सोडून बसलेली असतात. डॉक्टरांच्या दारावर थाटमाट नाही. संघटनेने मजुरांची दारू सोडवायची मोहीमही चालवली होती. मजुरी वाढवून घ्यायची आणि ती गुत्त्यात जाऊ द्यायची नाही, एवढा सरळ हिशोब फार थोड्या पुढाऱ्यांना सुचला.

28 सप्टेंबर 1991च्या पहाटे नियोगींना भिलाईतल्या हुडको वसाहतीत, झोपेत असताना गोळी घातली. पुढच्या वर्षी 1 जुलैला भिलाईच्याच पॉवर हाऊस स्टेशनवर आंदोलक कामगारांवर गोळीबार झाला. त्या स्टेशनातून आम्ही आजही गाडी पकडतो, फलाटावर समोसे खातो. ब्यापारी काही वर्षांनी कोलकात्याला परतले.

परतल्यावर 1997च्या सुमारास मूकबधिर-अंध मुलांच्या हेलन केलर संस्थेत आचाऱ्याची नोकरी लागली. इथे मला थोडं भरकटू द्या. पंगतीचा भात करणं म्हणजे अंगमेहनत: भलंमोठं पातेलं, आधणाची वाफ तोंडावर, मग दोघांनी मिळून पातेलं कलतं करून पेज काढणं. जरा हात चुकला तर कोपरापर्यंत भाजतं. 1943च्या दुष्काळात बंगालची माणसं दारोदार नुसती ती पेजच मागत होती. असा स्वयंपाक दोन्ही वेळा करायचा आणि उरल्या वेळात लिहायचं. आमच्याकडे आठवडाभर सुट्टी काढून ‘लेखनासाठी’ पचमढीला जाणारे कवी आहेत, असो.

मराठीत दया पवारांचं ‘बलुतं’ 1978 साली आलं. बंगालात मात्र दलित साहित्य आहे तरी का, याची चर्चा ब्यापारींच्या 2007 सालच्या लेखाने पेटली. ‘इतिवृत्ते चांडाल जीवन’ या आत्मकथेच्या इंग्रजी अनुवादाला 2018 साली ‘द हिंदू’चं पारितोषिक मिळालं. ‘बाताशे बारुदेर गंध’ ही तुरुंगातली कादंबरी अनुवादातून जेसीबी पारितोषिकाच्या अंतिम यादीत गेली. माझ्या मते ती आत्मकथेपेक्षा सरस आहे, कारण तिच्यात तुरुंगाचे अधिकारीही माणसांसारखे बोलतात.

2020 साली, गुडघे थकल्यावर, सरकारने त्यांची बदली स्वयंपाकघरातून ग्रंथालयात केली. त्याच वर्षी ते नव्या दलित साहित्य अकादमीचे अध्यक्ष झाले आणि 2021 साली गळ्यात गमछा घालून, तेव्हाच्या सत्ताधारी पक्षाकडून, बलागढचे आमदार. राजकारणातलं त्यांचं हे पाऊल बरोबर की चूक, यावर सेक्टर सहाच्या चहाच्या टपरीवर आमची अजून जुंपते. नियोगींच्या माणसाने सत्तेच्या पक्षात जायचं का, असं एकजण विचारतो, आणि दुसरा म्हणतो, ज्याने आयुष्यभर दुसऱ्यांना वाढलं त्याने एकदा पाटावर बसलं तर बिघडलं काय? मी दुसऱ्याच्या बाजूचा.