बोटावाचून निर्देश : कलासंग्रहालयातील ध्वनिमुद्रित निवेदनाची भाषा

१

चित्र दाखविणारा जाणकार मनुष्य प्रेक्षकाशेजारी उभा असतो, तेव्हा त्याच्या बोलण्यातील निम्मे कार्य त्याचा हात करीत असतो. 'हे पाहा', 'आणि हा इकडचा', 'तो मागचा नव्हे' ही त्याची वाक्ये कागदावर उतरवून घेतली, तर त्यांतून काहीही बोध होणार नाही. प्रत्यक्ष प्रसंगी मात्र ती पूर्णार्थक असतात. कारण शब्द जेथे थांबतो तेथून पुढे बोट जाते आणि बोटामागोमाग दृष्टी जाते. शिवाय तो मनुष्य ऐकणाऱ्याकडे पाहत असतो. त्याच्या मुद्रेवर समजल्याची खूण दिसली नाही, तर तो पुन्हा सांगतो. कंटाळा दिसला, तर पुढे सरकतो.

कलासंग्रहालयाच्या प्रवेशद्वाराशी मिळणारे ध्वनिमुद्रित निवेदन या दोन्ही साधनांना मुकलेले असते. त्याला बोट नाही आणि डोळेही नाहीत. ऐकणारा कोठे उभा आहे, तो पुरुष आहे की स्त्री, त्याने याआधी कोणते चित्र पाहिले, यांतले काहीच त्या आवाजाला ठाऊक नसते. तरीही 'येथे', 'आता', 'समोर', 'हा' या शब्दांवाचून त्याचे एक पाऊलही पुढे पडत नाही. बोलणारा व ऐकणारा समोरासमोर असल्यावाचून ज्या शब्दांना निश्चित अर्थ येत नाही, त्याच शब्दांवर या निवेदनाची सारी भिस्त असते. ही अडचण कशी सोडविली जाते, आणि ती सोडविताना प्रेक्षकाच्या पाहण्याचे काय होते, हा प्रस्तुत विवेचनाचा विषय आहे.

२

कार्ल ब्यूलर या मानसशास्त्रज्ञाने १९३४ साली प्रसिद्ध केलेल्या भाषाविषयक ग्रंथात निर्देशाचा जो विचार मांडला, तो येथे उपयुक्त ठरतो. त्याच्या मते 'मी', 'येथे' आणि 'आता' या तीन शब्दांनी मिळून बोलणाऱ्याभोवती एक मूलबिंदू निश्चित होतो आणि बाकीचे सर्व निर्देशक शब्द त्या बिंदूपासून मोजले जातात. निर्देशाचे त्याने तीन प्रकार कल्पिले : डोळ्यांपुढे असलेल्या वस्तूचा निर्देश, आधी बोलून झालेल्या गोष्टीकडे वळून केलेला निर्देश, आणि समोर नसलेल्या, केवळ कल्पनेने पाहावयाच्या वस्तूचा निर्देश.

ध्वनिमुद्रित निवेदनात या तिन्ही प्रकारांची चमत्कारिक सरमिसळ होते. संहिता लिहिणारा मनुष्य बहुधा टेबलापाशी बसून लिहितो. म्हणजे चित्र आणि प्रेक्षक हे दोघेही त्याच्या कल्पनेत असतात. ऐकणाऱ्याच्या बाबतीत मात्र चित्र प्रत्यक्ष डोळ्यांपुढे असते. लेखकाच्या दृष्टीने जो कल्पित निर्देश, तोच श्रोत्याच्या कानी पडताना प्रत्यक्ष निर्देश व्हावा लागतो. निवेदकाचा मूलबिंदू त्याच्या स्वतःच्या ठायी नसतो. तो एका अनोळखी माणसाच्या पायांपाशी नेऊन ठेवलेला असतो.

३

या निवेदनाचा इतिहास यंत्राचा इतिहास म्हणून सांगितला जातो. वस्तुतः तो वाक्यरचनेचाही इतिहास आहे. १९५२ साली ॲम्स्टरडॅम येथील स्टेडेलिक संग्रहालयाने अशा प्रकारचा पहिला प्रयोग केला. दालनाभोवती तार फिरवून लघुलहरींच्या द्वारे ध्वनिमुद्रित व्याख्यान प्रक्षेपित केले जाई, आणि प्रेक्षक जवळच्या ग्राहक यंत्राला जोडलेल्या हेडफोनमधून ते ऐकत. डच, फ्रेंच, इंग्रजी व जर्मन अशा चार भाषांची सोय होती. प्रक्षेपण सर्वांसाठी एकच असल्यामुळे एकाच वेळी सर्वांच्या कानी एकच वाक्य पडे आणि सर्वांच्या माना एकाच वेळी वळत. 'आता' हा शब्द तेथे सर्वांना सारखाच लागू होता. जो मागे राहिला, त्याच्यापुरते ते व्याख्यान निरर्थक होई.

पुढे फितीचे सुटसुटीत यंत्र आले. १९७६ ते १९७९ या काळात अमेरिकेत फिरलेल्या तूतांखामेनच्या प्रदर्शनात अशा निवेदनाचा मोठा वापर झाला. फीत प्रत्येकाची स्वतंत्र असल्याने 'आता'ही प्रत्येकाचा वेगळा झाला; परंतु क्रम ठरलेलाच राहिला. त्यामुळे संहितेत चालण्याच्या आज्ञा शिरल्या : डाव्या दाराने आत या, तिसऱ्या चित्रापाशी थांबा, फीत बंद करा. त्याचबरोबर या क्रमाने एक सोयही दिली. प्रेक्षकाने आधी काय ऐकले आहे हे निवेदकाला ठाऊक असे. म्हणून 'मघाच्या चित्रातील निळा रंग आठवा' असे म्हणता येई, आणि एका चित्राची दुसऱ्याशी तुलना करीत विचाराचा धागा शेवटपर्यंत नेता येई.

१९९० नंतरच्या दशकात अंकीय यंत्रे रूढ झाली. चित्राशेजारचा क्रमांक दाबावा आणि त्या चित्रापुरते निवेदन ऐकावे, अशी ही व्यवस्था होय. पॅरिसच्या लूव्र संग्रहालयाने २०१२ साली खेळाचे एक हातयंत्रच या कामासाठी योजिले. आणि आता अनेक ठिकाणी प्रेक्षकाचा स्वतःचा फोन हे काम करतो. येथे प्रेक्षक सर्वस्वी स्वतंत्र झाला. मात्र त्या स्वातंत्र्याची किंमत भाषेला द्यावी लागली. कोणता क्रमांक आधी दाबला जाईल याचा नेम नसल्यामुळे 'मघाशी' हा शब्द संहितेतून गळाला. प्रत्येक उतारा स्वयंपूर्ण असावा लागतो. चित्रकाराचा परिचय, काळ, शैलीचे नाव पुनःपुन्हा सांगावे लागते. ब्यूलरच्या भाषेत बोलावयाचे, तर मागे वळून केलेला निर्देश नाहीसा झाला आणि डोळ्यांपुढचा तेवढा उरला. शंभर चित्रांची शंभर टिपणे ऐकूनही प्रेक्षकाच्या मनात त्यांची एक मालिका तयार होत नाही, याचे एक कारण येथे आहे.

४

लूव्र संग्रहालयातील एका दालनाचे उदाहरण घेतले, म्हणजे निर्देशाचा प्रश्न अधिक स्पष्ट होईल. त्या दालनात लिओनार्दोचे 'मोनालिसा' आणि व्हेरोनेझेचे 'काना येथील विवाहभोजन' ही दोन चित्रे समोरासमोर आहेत. पहिले ७७ सेंटिमीटर उंच व ५३ सेंटिमीटर रुंद, दुसरे ६.७७ मीटर उंच व ९.९४ मीटर रुंद, म्हणजे क्षेत्रफळाने दीडशेपटींहूनही मोठे. तरी दालनातील बहुतेक प्रेक्षकांची पाठ मोठ्या चित्राकडे असते. 'मागे वळा' हे दोनच शब्द योग्य क्षणी कानी पडले, तर त्या प्रेक्षकाला संग्रहालयातील सर्वांत मोठे चित्र दिसते; न पडले, तर ते न पाहताच तो दालनाबाहेर जाण्याचा संभव असतो. दृष्टीवर शब्दाची सत्ता किती चालते, याचा याहून सोपा पुरावा देता येणार नाही.

डावे-उजवे यांचा घोटाळाही येथेच उद्भवतो. मोनालिसाच्या पार्श्वभूमीत उजवीकडे एक पूल आहे, असे म्हटले म्हणजे ती उजवी बाजू पाहणाऱ्याची असते. पण 'तिचा उजवा हात डाव्या हातावर विसावला आहे' असे म्हणताच ती बाजू चित्रातील स्त्रीची होते, आणि तो उजवा हात पाहणाऱ्याला डावीकडून आलेला दिसतो. लागोपाठच्या दोन वाक्यांत मूलबिंदू चित्राबाहेरून चित्रात गेला, आणि ऐकणाऱ्याला त्याची सूचनाही मिळाली नाही. बोट असते, तर हा घोटाळा झालाच नसता. अनुभवी संहितालेखक म्हणूनच दिशेपेक्षा वस्तूचा आधार घेतात : 'पुलापासून नजर खाली आणा, म्हणजे खांदा येईल.' येथे चित्रातील एक वस्तू दुसरीकडे बोट दाखविते.

ध्वनिमुद्रणाचा आणखी एक दोष असा की, त्यातील 'येथे' आणि 'समोर' गोठलेले असतात. मोनालिसासाठी स्वतंत्र दालन करण्याची योजना जानेवारी २०२५ मध्ये जाहीर झाली. ते चित्र तेथून हलले, की व्याकरणदृष्ट्या निर्दोष असलेले 'मागे वळा' हे वाक्य असत्य होईल.

५

अशी संहिता मराठीत करावयाची झाल्यास भाषेचे स्वतःचे प्रश्न पुढे येतात. हा प्रश्न केवळ काल्पनिक नव्हे. मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात मराठीतूनही ध्वनिमुद्रित मार्गदर्शनाची सोय झालेली आहे.

पहिला प्रश्न लिंगाचा. 'तुम्ही चित्रासमोर उभे आहात' हे वाक्य पुरुषाला चालते. एकट्या स्त्रीला उद्देशून 'उभ्या आहात' असे म्हणावे लागते. इंग्रजी संहितेत ही अडचण नसते, आणि आवाजाला तर ऐकणारा दिसत नाही. यातून सुटण्याचे मार्ग मराठीतच आहेत. आज्ञार्थात लिंगभेद नाही : 'थांबा', 'पाहा'. 'तुम्हाला पूल दिसेल' या रचनेत क्रियापद पाहणाऱ्याशी न जुळता पुलाशी जुळते. तिसरा मार्ग 'आपण'चा : 'आपण दालनात आलो आहोत'. 'आपण आला आहात' यातील आदरार्थी 'आपण' वेगळा, आणि बोलणाऱ्यालाही सामावून घेणारा हा 'आपण' वेगळा. या दुसऱ्या 'आपण'मुळे लिंगाचा प्रश्न बहुतांशी मिटतो, आणि आवाज सोबत चालत असल्याचा भासही निर्माण होतो. तो भास सुखद खरा. परंतु त्यात एक धोका आहे. 'आपल्याला येथे गूढता जाणवते' असे तो सोबती म्हणाला, की ज्याला ती जाणवलेली नाही असा प्रेक्षक स्वतःच्या दृष्टीविषयी साशंक होतो. विधानाला सहमतीचे रूप येते.

दुसरा प्रश्न अधिक सूक्ष्म आहे. 'हा' आणि 'तो' यांतील जवळ-दूरचा भेद मराठी तृतीयपुरुषातही पाळते. इंग्रजीतील स्त्रीवाचक सर्वनामासाठी अनुवादकाला 'हिचे' आणि 'तिचे' यांतून निवड करावी लागते. 'हिचे हात पाहा' असे म्हटले, तर दृष्टी रंगवलेल्या हातांवर स्थिर होते. 'तिचे हात' म्हणताच मन फ्लॉरेन्समधील फ्रान्चेस्को देल जोकोंदो या रेशीम-व्यापाऱ्याच्या पत्नीकडे, लिसा गेरार्दिनीकडे जाते. 'ही' चित्रात आहे. 'ती' इतिहासात होऊन गेली. मूळ इंग्रजी वाक्यात नसलेला हा भेद मराठीला करावाच लागतो. निवेदनभर सरसकट 'तिचे' ठेवले, तर प्रेक्षक चित्रासमोर उभा राहूनही चित्रापासून दूर नेला जाईल. जेथे पाहावयाचे तेथे 'ही', जेथे सांगावयाचे तेथे 'ती', असा विवेक ठेवला, तर मराठी संहिता मुळापेक्षाही नेमकी होऊ शकेल.

चित्राबरोबर शब्द चालविण्याची परंपरा महाराष्ट्राला अपरिचित नाही. कुडाळजवळच्या पिंगुळी येथील चित्रकथी एकेक चित्र श्रोत्यांपुढे धरून कथा गातात. चित्र त्यांच्या हाती असते. म्हणून 'ही' केव्हा आणि 'ती' केव्हा हे त्यांना वेगळे शिकावे लागत नाही. ध्वनिमुद्रणाच्या लेखकाला मात्र तो हात केवळ सर्वनामांतून निर्माण करावयाचा असतो.

६

चित्र एकदम समोर येते. भाषा एकामागून एक शब्द देते. लेसिंगने १७६६ साली 'लाओकून' या ग्रंथात चित्र व काव्य यांत केलेला हा भेद ध्वनिमुद्रित निवेदनाला पदोपदी जाणवतो. आवाज चालू आहे तोवर डोळे त्याच्या क्रमाने फिरतात, आणि आवाज संपताच प्रेक्षक पुढच्या क्रमांकाकडे वळतो. पाहण्याचा अवधी चित्र ठरवीत नाही, ध्वनिफीत ठरविते.

दृष्टिहीन प्रेक्षकासाठी केलेले निवेदन वेगळ्या तत्त्वावर चालते. तेथे शब्दांनी चित्राची जागा घ्यावयाची असते. म्हणून 'एक स्त्री बसलेली आहे' हे वाक्य तेथे अत्यावश्यक आहे. डोळस प्रेक्षकासाठी तेच वाक्य भार होय. त्याला जे दिसते ते सांगू नये. जे दिसले असते पण नजरेतून निसटले, तेथवर त्याला न्यावे आणि थांबावे. या थांबण्याला संहितेत जागा ठेवणे हे लेखकाचे कर्तव्य आहे. शब्दांनी बोटाचे काम पत्करले आहे, तर बोटाचा धर्मही त्यांनी पाळला पाहिजे. बोट दिशा दाखविते आणि खाली येते. ते चित्र व डोळा यांच्या मध्ये उभे राहत नाही.